तलवारीले कुंकू

हॅलो? … हॅलो, कोन? … वैजू? अव वैजयंती, मोठ्यानं बोल व, काही आयकू नाई येऊन राह्यलं!

थांब. स्लॅबवर हाये मी, शेजारच्या मामी, अमीनाबी, आमी सगळ्याजनी कुरडया घालून राह्यलो. … अमीनाबी, चीक हलवजो व जरा, बुडाले लागन. माह्या धाकट्या जावेचा फोन हाये, जपानातून! … हाव, बोल आता.

हाव, सगळे बरे हायेत. … सासूबाई? ह्या काय, काठी घेऊन बसल्या कावळे हाकलत. ऐंशी वर्सं झाले, पन एक कावळा टेकू नाई देत. … हाड! हाड! … तुले नाई व, कावळ्याले.

आधी हे सांग, तिकीट काढलं का? … आज बारा तारीख. तेवीसले वैष्णवीची हळद, चोवीसले लगन. माही एकुलती एक पोरगी, आन् तिची काकू आदल्या दिवशी उतरन काय? … आधी काय आयक? तिकिटाचं सांग आधी. … बरं बरं, आयकते. बोल.

काल? काल काय झालं? … निकिताले हापिसातून सुट्टी नाई भेटली. मंग? … मंग पोरीनं तुले शहर दाखवाले एक बाई लावून देल्ली? … फक्त तुह्या एकटीसाठी? एक बाई, एक गाडी? अव माय! आमाले कामरगावातून कारंज्याले जाले जीपमधी मांडीवर मानूस घ्या लागते, आन् तुले अख्खी गाडी!

हिंदी येते तिले? … जपानी बाईले? … बरं झालं, दोघी मिळून मोडकी हिंदी बोलल्या असान.

हाव… किल्ला पायला… हाव… बाजार पायला, मासोळ्या पायल्या, नाक धरून. मंग? … मंग कुठी गेल्या? पुन्हा सांग.

तलवार?

तलवार शिकाले गेली? … तू? … वैजू, तुले ताप-बिप त नाई? अव घरात साप निघाला त तू पलंगावर चढून माह्या नावानं बोंबलते, आन् तिथं जाऊन तलवार! … खरीखुरी? लोखंडाची? … निकितानंच ठरवलं होतं? फिरनं आन् संगं तलवारीचा एक धडा? … त्या पोट्टीले दोन दिवस जेवाले देऊ नको तू. आईले कोनी असं पाठवते का?

कपडे? … काळा घेरदार पायजमा? … पातळावरून? … पातळ काढून?! … हळू बोल, हळू, सासूबाई इथंच हायेत. … आयकू कमीच येते त्यायले, पन जे आयकू नये ते बरोबर येते.

शिकवनारा कोन? मानूस? … म्हातारा. … किती म्हातारा? … मंग ठीक हाये.

हाव, हाव… अव आयक ना… बरं, तूच सांग. मी नाई बोलत मधात.

पहिले त्यानं सोताची तलवार दाखवली. … चारशे वर्सांची? त्याच्या बापाची, आज्याची, पंज्याची… बरं. … समोर ठेवली आन् डोकं टेकून नमस्कार केला. घे! आपल्यासारखंच हाये की मंग! … तुले म्हने आता तुमी करा. … मंग? … मंग तू काय केलं? … अव हसून राह्यली का रडून राह्यली? नीट सांग.

कुंकू लावलं?

तलवारीले? … कोनतं कुंकू? … मी निकितासाठी देल्लं होतं ते? देवीचं? तुह्या पर्समधीच पडून होतं? … बाटलीतलं पानी बोटावर घेतलं, कुंकवात बुडवलं, आन् त्या पात्यावर…

बरं, मंग त्यात काय झालं? दसऱ्याले आपुन विळ्याले लावतो, नांगराले लावतो, माह्या हरीओमच्या मोटरसायकलले लावतो. … म्हातारा वरडला? काहून? … पात्याले बोटच लावत नाईत? कोनीच? … तो सोता बी नाई लावत? … ओलं लागलं का जंग चढते. … चारशे वर्सं कोनाचं बोट नाई लागलं, आन् कामरगावची आमची वैजयंती गेली आन्… अव माय वं! वैजू! चारशे वर्सं!

पोलीस त नाई बोलावले? … ती गाडीवाली बाई पांढरी पडली असन. … पडली ना! … मंग काय केलं त्यानं? … कागदानं पुसली. कसलीशी भुकटी लावली, तेल लावलं… अर्धा घंटा? आन् तू समोर गुडघ्यावर बसून? … मी असती त दारातूनच पळाली असती, पायजम्यासकट.

आता रडू नको. तुयं काही चुकलं नाई. तू मान देल्ला, त्याले समजलं नाई. … समजलं? … त्या बाईनं समजावून सांगतलं. बरं केलं. ज्याले मानतो त्याले कुंकू लावतो आमी, अवजाराले, गाईले, दारात आलेल्या लेकीबाळीले… बरोबरच सांगतलं तू. आता दसऱ्याले तूच पाय, मी…

थांब.

थांब थांब. वैजू, कुंकू तू लावलं? तुह्या हातानं?

… नाई, मी काही म्हनून नाई राह्यली. पन नऊ वर्सं झाले रामधन भाऊजीले जाऊन. नऊ वर्सांत तू करंड्याले बोट नाई लावलं. दसऱ्याले ताट तू आनून देते आन् लावते मी. … ध्यानातच नाई राह्यलं? असं कसं ध्यानात राह्यत नाई बाईच्या? … तिथं आपलं कोनी नव्हतं पाहाले, म्हनून? … बरं. … नाई व, रागावली नाई. धक्का बसला मले. एकावर एक सांगून राह्यली तू, मानसानं श्वास घ्यावा कवा?

मंग म्हातारा काय म्हने? … शांत झाला. … आन् काय इचारलं? … तुह्या कपाळाकडं पाहून?

"तुमाले कोन लावते?"

… मंग? तू काय सांगतलं?

…

"कोनीच नाई."

… नाई, कटला नाई फोन. हाये मी. … हाये ना व इथंच. … अमीनाबी, तू घाल कुरडया, सोऱ्या भर तूच. मले वेळ हाये.

हं. बोल. … मंग धडा झाला का नाई? … झाला? कोनत्या तलवारीनं? … दुसरी देल्ली, साधी. … आन् ओल्या चटईची गुंडाळी उभी केली, ती कापाची. … कापताना वरडाले लागते? … जोरानं? पोटातून? … आन् तू वरडली?

तू?

वैजू, भाऊजीले उचललं तवा बी तू तोंडात पदर कोंबून बसली होती. माह्या घरात येऊन तुले तीस वर्सं झाले, तुयं वरडनं म्या नाई आयकलं. … किती जोरानं? … बाहेरून लोक धावून आले? माय! … कापली? एका घावात? … काटा आला व माह्या अंगावर. खरंच आला.

बरं, झालं ना आता. घरी ये, अंगनात बसून सगळ्यायले सांगू. तिकीट…

काय?

काय म्हनली तू? … येत नाई म्हंजे? … लग्नाले येत नाई? … डोकं ठिकानावर हाये का तुयं? वैष्णवीच्या लग्नाले तू नाई येनार? मले बाळंतपनात टायफाइड झाला, तीन महिने तू पाजलं तिले! एका मांडीवर तुही निकिता आन् दुसऱ्या मांडीवर माही वैष्णवी… आन् आज मलेच सांगते येत नाई म्हनून?

काहून पन? … हरीओमच्या लग्नाचं काय? काय झालं होतं माह्या पोराच्या लग्नात? … कोनती खोली? … सोयाबीनचे पोते होते ती?

हाव. बसवलं होतं. हळद लागेपर्यंत, घंटाभर! … अव मंग काय करा लागत होतं म्या? हळद सवाष्णी लावतात, ही रीत काय मी काढली? लोकं नावं ठेवतात. … कोनते लोकं म्हंजे? सगळेच. … कोन म्हनलं होतं? नाव कायले पाह्यजे तुले? म्हनलं असन कोनी. … सासूबाई… नाई, सासूबाई काही म्हनल्या नव्हत्या. … आमचे हे त मांडवात होते, त्यायले काय माहीत! … शेजारच्या मामी आल्याच नव्हत्या तवर. … मंग… अव आठवू त दे…

…

मीच म्हनलं?

… हाव. मीच म्हनलं होतं. "वैजू, तू जरा आतमधी बस." … दार बी मीच लोटलं? … ते नाई आठवत मले. … लोटलं असन. … तू पोत्यावर बसून हळदीचे गाने आयकत होती… आन् आतल्या आत म्हनत बी होती… बस. बस व, वैजू. नको सांगू.

… आयक. खरं सांगू का? लोकाचं नाव म्या उगीच घेतलं. मलेच भेव वाटते. … हाव, मले. माह्या लेकराचं काही वाईट झालं त, असं येते मनात. … तुह्यानं वाईट? नाई व! तू कायले तिचं वाईट करशीन? … मले माहीत हाये. माहीत हाये आन् तरी भेव वाटते, आता सांग मी काय करू!

नको. "समजते मी बाई" असं नको म्हनू. भांड माह्यासंग! काल तिकडं परक्या मानसापुढं वरडली, आज मले एक शिवी त दे! … काय म्हनली? … "तुमी सुखानं करा लगन"? … हे बोलून फोन ठेवशीन? खबरदार ठेवला त!

थांब. चालू ठेव फोन. … ठेव म्हनली ना! कानाले लावून ठेव.

अव आयका व सगळ्याजनी! अमीनाबी, सोऱ्या ठेव खाली. … तेवीसले माह्या वैष्णवीले पहिली हळद वैजयंती लावन. माह्या बी आधी! … हाव मामी, वैजयंतीच म्हनलं मी, बरोबर आयकलं तुमी. आन् तिच्या कपाळाले कुंकू मी लावीन, भर मांडवात. ज्याले याचं त्यानं या, ज्याले नाई त्यानं घरी बसा!

… आयकलं? वैजू? … हाव, सगळ्यायच्या समोर. … अमीनाबी डोळे पुसून राह्यली, चिकाच्याच हातानं. … शेजारच्या मामी उठल्या. … चालल्या. … चप्पल घालून राह्यल्या. … आता पायऱ्या उतरल्या. गावभर करतीन संध्याकाळपर्यंत. … करू दे. … हाव. भेव गेलं नाई व, म्हनून त मोठ्यानं सांगतलं. आता मले बी मांघं नाई फिरता येत.

सासूबाई? … पाहून राह्यल्या माह्याकडं. … काठी खाली ठेवली त्यायनं. … उठून राह्यल्या. अव हळू माय, पडसान! … इकडंच येऊन राह्यल्या, वैजू. … काय म्हनतीन ते म्हनतीन. घरातून काढतीन त तुह्याकडं येईन, जपानाले. … थांब, बोलून राह्यल्या काहीतरी…

काय म्हनता, माय? … हाव, वैजूच हाये फोनवर. … हाव, पहिली हळद तिची. मी म्हनलं. रागवा मले, काय म्हनाचं ते मलेच म्हना, तिले नका…

…

काय?

… पुन्हा म्हना, माय.

… हॅलो… वैजू, आयकलं का तू? … नाई आयकू आलं? … थांब, मी सांगते…

सासूबाई इचारून राह्यल्या… "मंग मी बी लावू का हळद?"

… सासऱ्याले जाऊन एक्केचाळीस वर्सं झाले, वैजू. … म्हंजे माह्या लग्नाच्या आधी. तुह्या बी. … सोताच्या दोन्ही पोरायले हळद नाई लावली त्यायनं. … कुठं होत्या व त्या तवा? माह्या हळदीच्या दिवशी? … तुह्या वेळी तुले दिसल्या होत्या का कुठी? … आठव ना. … मले बी नाई आठवत.

… हाव, रड. मी बी रडून राह्यली. … तिकीट काढ. आजच काढ. … ठेवते मी, मले आधी सासूबाईले खाली बसवू दे.