निर्दोष सुटलेला नवरा

जबाब देणार: आरोपीची दुसरी पत्नी, वय ३८ वर्षे, धंदा औषधाच्या दुकानात विक्रीकाम, राहणार पाण्याच्या टाकीसमोरील इमारत, दुसरा मजला.

मी आज कोणी न बोलावता ठाण्यात येऊन समक्ष सांगते की, वरील पत्त्यावर मी, पती व माझी आधीच्या लग्नाची मुलगी असे राहत होतो. पती लाकडी सामानाला पॉलिश करतात.

पतीची पहिली पत्नी राहत्या घरी मयत झाली. त्याबद्दल त्यांच्यावर खुनाचा खटला चालून खालच्या कोर्टाने त्यांना सोडले. त्या दिवशी भांडण ऐकल्याचे शेजारणीने सांगितले होते. पण तिचे त्या घराशी वाकडे असल्याने कोर्टाने विश्वास ठेवला नाही. पुढे पतीच्या बहिणीने, म्हणजे आताच्या माझ्या नणंदेने, मला हे स्थळ आणले. त्या म्हणाल्या, "कोर्टानं सोडलंय म्हणजे धुतला तांदूळ. लोकांच्या तोंडाला कोण हात लावणार?" माझा संसार एकदा मोडलेला होता. मी होकार दिला.

सरकारने सुटकेविरुद्ध अपील केल्याचे मला लग्नानंतर कळले. पती म्हणाले, "ते नावापुरतं असतं." त्यांच्या वकिलांनीही समजावले, "पुराव्यातून दोन अर्थ निघत असतील तर आरोपीच्या बाजूचा धरतात. वरच्या कोर्टाला दुसरा जास्त पटला, एवढ्यानं सुटका रद्द होत नाही." मी निर्धास्त झाले.

गेल्या महिन्यात वरच्या कोर्टाने सुटका रद्द करून जन्मठेप दिली व हजर होण्यास मुदत दिली. मी एकटी वकिलांकडे गेले. म्हटले, "तुम्ही तर वेगळंच सांगितलं होतं." ते म्हणाले, "खालच्या कोर्टाचं मत कुठल्याच शहाण्या माणसाला पटण्यासारखं नसेल, तर रद्द करतात. इथं पोस्टमॉर्टेम करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष विचारातच घेतली नव्हती." मी विचारले, काय साक्ष? ते म्हणाले, "जिन्यावरून पडलेल्या बाईच्या गळ्यावर बोटांचे वळ उठत नाहीत, ताई."

जिन्यावरून पडली, असेच पतीने मला सांगितले होते.

त्या दिवसापासून मी मुलीच्या खोलीत आतून कडी लावून झोपू लागले. पतीने कारण विचारले. मुलीला खोकला आहे, असे मी सांगितले. मुलीला खोकला नव्हता.

मुदत संपत आली तेव्हा, हजर व्हायला जातो, असे सांगून पती सकाळी बॅग घेऊन निघाले. ते हजर झाले नाहीत, हे मला आपल्या शिपायाकडून कळले. ते कुठे आहेत ते माहीत नाही, असे मी तेव्हा सांगितले होते. ते खरे होते.

आज सकाळी नणंद दुकानात आल्या. त्या एकट्या असून आपल्या शिवणकामाच्या दुकानावरील खोलीत राहतात. त्यांनी रक्तदाबाच्या गोळ्या मागितल्या. नाव सांगितले ते पती घेतात त्याच गोळ्यांचे. मी विचारले, "वन्सं, तुम्हाला कधीपासून?" त्या म्हणाल्या, "वय झालं आता." मी म्हटले, "उपाशीपोटी घेऊ नका." त्या म्हणाल्या, "जेवल्यावरच घेतो," आणि लगेच, "घेते."

मी गोळ्या बांधून दिल्या. त्या जाईनात. म्हणाल्या, "अशी बघू नकोस माझ्याकडे. कोर्ट काय, आज एक म्हणतं, उद्या दुसरं. तुझ्या पोरीला बापाचं नाव दिलं त्यानं." मी म्हटले, "हो, दिलं." त्या गेल्यावर मालकांना सांगून मी सरळ इकडे आले. पती त्याच खोलीत असावेत, असा माझा संशय आहे. मी डोळ्यांनी पाहिलेले नाही.

पतीने माझ्यावर कधी हात उगारला काय, असे विचारल्यावरून सांगते की, नाही, एकदाही नाही. पहिलीच्या वेळीही त्या दिवसाआधी घरातून कधी मोठा आवाज आला नव्हता, असे शेजारीण कोर्टात म्हणाली आहे.

वरील मजकूर मला सावकाश वाचून ऐकवला; मी बोलले तसाच तो उतरला आहे. मुलीची शाळा सुटायची वेळ झाल्याने मी तिला घ्यायला निघत आहे. सोबत महिला शिपाई मी मागून घेतली आहे.