शेंगदाण्याची सुटलेली ओळ

सन्माननीय अध्यक्ष, म्हणजे आपले व्यवस्थापक साहेब, व्यासपीठावरील पाहुणे, आज निवृत्त होत असलेल्या आपल्या लेबल विभागाच्या प्रमुख ताई, आणि या बिस्किट कारखान्यातील माझ्या सर्व सहकाऱ्यांनो,

मघापासून ताईंचं कौतुक ऐकतोय. खरं सांगू? पोटात दुखतंय. आजचं नाही, एकोणीस वर्षांचं दुखणं आहे. वेष्टनावर कायद्याने काय काय छापायचं, घटकांचा क्रम कसा, अक्षर किती मिलिमीटरचं, हे मीही पाठ केलं होतं. पण शंका आली की जो तो म्हणणार, "ताईंना विचारा." अहो, मी समोरच बसलोय की! माझं टेबल काय शोभेला होतं?

सहा वर्षांपूर्वी क्रीमच्या बिस्किटात शेंगदाण्याची पेस्ट घालायचं ठरलं. नव्या वेष्टनाचा नमुना तपासायला आधी माझ्याकडे आला. ॲलर्जीच्या सूचनेत गहू होता, दूध होतं, शेंगदाणा नव्हता. मी त्या ओळीपाशी पेन्सिलीने खूण केली. मग मनात आलं, शेवटची सही कुणाची? ताईंची. चुकू देत की एकदा! खूण खोडली, सही केली आणि नमुना पुढे सरकवला. ताई त्या दिवशी अंगात ताप घेऊन आल्या होत्या. त्यांनीही सही केली.

छपाई सुरू झाली. दुपारी जेवायला बसलो आणि बहिणीची मुलगी डोळ्यांसमोर आली. शेंगदाण्याचा कण गेला तरी तिचा घसा सुजतो. मामाच्या कारखान्यातली बिस्किटं म्हणून ती बिनधास्त खाते. तसाच उठलो, धावत जाऊन मशीन थांबवलं.

साहेब, तुम्ही संतापलात. "हे सुटलं कसं?" ताई म्हणाल्या, "सही माझी आहे, चूक माझी. भाऊंनी पाहिलं म्हणून वाचलो." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. वर्षानुवर्षं हव्या होत्या त्या टाळ्या मी मान खाली घालून घेतल्या.

नंतर जिन्यात ताईंनी गाठलं. "भाऊ, आत्ता नमुना पुन्हा पाहिला, तेव्हा खोडलेली खूण दिसली मला. माझ्यावर राग काढायचा तर तोंडावर काढा. वेष्टनावर नको."

तेव्हापासून कुणापाशी अवाक्षर काढलं नाही त्यांनी. मला त्याचाही हेवा वाटला. मला जमलं असतं का हो?

तर साहेब, ती चूक माझी होती. उद्यापासून ताईंची खुर्ची मला मिळणार आहे. हे ऐकून ती द्यायची की नाही, ते आपण ठरवा.

एवढा वेळ शांतपणे ऐकलंत, सर्वांचा ऋणी आहे. बोलण्यात काही उणंअधिक झालं असेल तर सभागृहाने माफ करावं. उरलेली माफी मात्र मी ताईंकडेच मागतो.