शिंकणारा मुडदा

जिलाँगच्या हृदयरोगाच्या दवाखान्यात नंबर लावून बसलेल्या नोलीनने मासिक नाकापर्यंत वर धरलं होतं. वाचत मात्र ती एक ओळही नव्हती. समोर विणत बसलेल्या बाईने नोलीनच्या शेजारच्या म्हाताऱ्याला ओळखलं होतं.

"अहो, तुम्ही टीव्हीवरचे विल्फ कार्मडी ना? ते शिंकणारे?"

"तोच मी. पोलिसांच्या मालिकेत मुडदा व्हायचो. आवाज भिकार होता, पण पडायचो झकास."

"मग शिंकलात कसे?"

"तेव्हा सगळं थेट दाखवायचे. खून झाला की जाहिरात लागेपर्यंत हलायची सोय नाही. नेमकी नाकावर माशी बसली, बाई! घराघरांत लोकांनी मुडद्याला शिंकताना पाहिलं."

"हाकललं असेल तुम्हाला!"

"छे, डोक्यावर घेतलं! पुढे विनोदी कार्यक्रमात एकवीस वर्षं दर शनिवारी मेलो आणि शिंकलो. दुसरं काही येतं का, असं कुणी विचारलंच नाही. येत नव्हतंच म्हणा."

"मग आज इकडे कसे?"

"परवा खाटकाच्या दुकानात छातीत खरीच कळ आली आणि आडवा झालो. रांगेतले सगळे भोवती जमले नि हसत उभे राहिले."

"बाई गं! कुणी रुग्णवाहिकासुद्धा बोलावली नाही?"

"खाटीक धावला होता फोनकडे. पण त्याला अडवलं."

"कुणी?"

"आमच्या हिनेच, ही मासिकाआड बसलीय ना, तिने. म्हणाली, थांब रे जरा, आता शिंकेल."