तंबूबाहेरचं शिंगरू

मोसुलच्या दवाखान्यात गझवानच्या बायकोला सातव्याच महिन्यात बाळंतपणासाठी आत नेलं होतं. बाहेर गझवान आणि त्याची आई बोलत बसले होते आणि शेजारच्या बाकावरच्या नजीबाआजी ऐकत होत्या.

"यम्मा, बाळाला जुहैशी आडनाव नको. त्याचा अर्थ गाढवाचं शिंगरू! शाळेत किती चिडवायचे मला."

"अरे वेड्या, पूर्वी बाळ जन्मलं की बाप तंबूबाहेर यायचा आणि जे पहिलं दिसेल, तेच नाव ठेवायचा."

"मग आपल्या मूळपुरुषाच्या बापाला घोडा नाही दिसला?"

"दुष्काळात घोडे मेले होते, गझवान. दिसलं ते उभं राहायला धडपडणारं शिंगरू. म्हणाला, हे तगलंय, तसं माझंही तगू दे."

नर्स बाहेर आली.

"मुलगी झाली. एवढीशी आहे, काचेच्या पेटीत ठेवलीय. पेटीवर नाव काय लिहू?"

"जुहैशी," गझवान म्हणाला. "मोठ्या अक्षरांत लिहा, सिस्टर."