हे शेवटचं, लोर्ना

…आणि वर मलाच म्हणतात, "तुम्हाला काय हो मिसेस स्टोडोला, आता सवयच झाली असेल सामान बांधायची!" सवय? अहो, दात उपटून घ्यायची सवय होते का कुणाला? लग्नाला बावीस वर्षं, अकरा घरं, नऊ राज्यं, आणि आमचा तो हिरवा सोफा म्हणाल तर माझ्या सगळ्या माहेरच्या मंडळींनी मिळून पाहिली नसेल इतकी अमेरिका त्या सोफ्याने पाहिलीय!

तुम्हाला सांगते, मला कुणी सांगितलंच नव्हतं. माझा बाप आयोवात डुकरं पाळायचा, ज्या खोलीत जन्मला त्याच खोलीत गेला, मला वाटायचं माणसं अशीच असतात, एका जागी. तिथे हा व्हर्लिन भेटला. मान नाहीच, खांद्यांवर थेट डोकं ठेवलेलं, हात म्हणजे फावडी, पण आवाज असा मऊ, की काय सांगू! म्हणाला, "मी फुटबॉलचा कोच आहे." फुटबॉल म्हणजे तो आमचा अमेरिकन, चेंडू हातात धरून धडका मारायचा. मी मनात म्हटलं, चला, मास्तरच की! बरंय, मास्तराचं कसं, एकदा चिकटला की चिकटला. मास्तर कसला घेऊन बसलात! पोरं नापास झाली तर मास्तरला शाळेतून काढतात का? ह्यांना काढतात! तिकडे वीस वर्षांचा एक घोडा चेंडू हातातून सोडतो आणि इकडे माझ्या स्वयंपाकघरातली भांडी वर्तमानपत्रात गुंडाळली जातात!

आणि बरं, व्हर्लिन तेव्हा मुख्य कोचसुद्धा नाही. हा पुढच्या फळीतल्या पाच दांडग्यांचा कोच. म्हणजे मुख्य कोच हलला की खालचे नऊच्या नऊ सहाय्यक हलले. अर्कन्सॉत मुख्य कोचला काढलं, म्हणून आम्ही गेलो. इडाहोत मुख्य कोचला बढती मिळाली… म्हणून आम्ही गेलो. ओक्लाहोमात मुख्य कोचला एका रविवारी साक्षात्कार झाला आणि तो पाद्री झाला. छान झालं, देव भलं करो त्याचं, पण आम्ही कशाला जायचं? गेलो!

आणि प्रत्येक वेळी, प्रत्येक नव्या स्वयंपाकघरात, हातात खोकं धरून हा माणूस उभा राहतो, खिडकीतून बाहेर बघतो, आणि त्या मऊ आवाजात म्हणतो, "हे शेवटचं, लोर्ना. आता इथेच."

इथेच!

मी शतावरी लावते, ती कोवळ्या कोंबांची भाजी, तुम्हाला माहितीये का? शतावरीचं असं असतं, पहिल्या वर्षी कापायची नाही, दुसऱ्या वर्षी कापायची नाही, तिसऱ्या वर्षी कुठे ताटात येते. मी सहा गावांत लावली. आज सहा गावांतली माणसं माझी शतावरी लोण्यावर परतून खातायत आणि मी डब्यातली आणते!

तर मग हे टेनबर्ग आलं. कॅन्ससमधलं एवढंसं गाव, एवढंसं कॉलेज, पण व्हर्लिन मुख्य कोच! एकोणपन्नासाव्या वर्षी! दारावर पाटी, कोच स्टोडोला, पाटीखाली उभं करून मी त्याचा फोटो काढला, तर हा त्यात रडवेला दिसतो. आमची कोरीन तेव्हा दहावीत, सातवी शाळा तिची. त्या पोरीने काय करावं? येतानाच रस्त्यावरच्या खानावळीत कागदी रुमाल पुढे सरकवला. "बाबा, लिही. बारावी होईपर्यंत आपण इथून हलणार नाही. सही कर." व्हर्लिन हसला. ती नाही हसली. त्याने सही केली. तो रुमाल तिने घडी करून पाकिटात ठेवला, जसा काही वकिलाचा कागद!

पहिल्या वर्षी अकरांतले दोन सामने जिंकलो. वाण्याच्या दुकानात सगळे म्हणायचे, "वेळ लागतो हो, कोच, वेळ लागतो." दुसऱ्या वर्षी चार. औषधवाला म्हणाला, "वेळ लागतो… पण किती?" तिसऱ्या वर्षी मी दाढ दाखवायला गेले, तोंड उघडं, तोंडात चिमटा, आणि दातांचा डॉक्टर वरून विचारतोय, "बचावाची फळी बदलत का नाहीत ते?" मी काय सांगणार? "आँ… आँ…" "तेच म्हणतो मी!" म्हणाला.

दहा सामने झाले होते, पाच जिंकलेले, पाच हरलेले, आणि एकच उरला, तोही शेजारच्या गावाशी, ज्यांना आमच्या कॉलेजने चौदा वर्षांत हरवलं नव्हतं. आणि सोमवारी सकाळी पेपरात कॉलेजच्या क्रीडा संचालकांची मुलाखत! हॅम्रिक नाव त्यांचं, बोलायला लागले की आवाज तुपात घोळल्यासारखा. "आमचा कोच स्टोडोलांवर… संपूर्ण विश्वास आहे."

मी कप खाली ठेवला, अंगात कोट घातला, आणि खोकी आणायला निघाले.

हसताय काय? बावीस वर्षांचा अनुभव बोलतोय! संचालक शिव्या घालत असला तर घाबरायचं नाही, तो शिव्या घालतो म्हणजे अजून त्याची आशा आहे. पण विश्वास आहे म्हणाला, की संपलं! मी दारूच्या दुकानात गेले, बाटल्यांची खोकी मजबूत असतात. दुकानदाराने एकदा पेपराकडे बघितलं, एकदा माझ्याकडे. "किती देऊ?" "चाळीस." बिचाऱ्याने उचलून गाडीत ठेवून दिली.

घरी येते तर काय, अंगणात पाटी! घर विकणे आहे! खाली आमचाच फोन नंबर! कुणीतरी भक्त येऊन रोवून गेला होता. व्हर्लिन म्हणाला, "राहू दे गं, पोरं असतील." म्हटलं, पोरांचं अक्षर इतकं सुबक? मी उपटायला गेले, तर तीही मेली अशी घट्ट रोवलेली, की आमच्या बचावफळीने तिच्याकडून शिकावं!

आणि मंगळवारी दारावरची बेल. बघते तर एक म्हातारा-म्हातारी, टोप्याबिप्या हातात धरून. "पाटी बघितली. मी ऑर्व्हल, ही ट्वायला. शेती मुलाकडे दिली, गावात घर बघतोय." आता मी काय सांगायला हवं होतं? की अहो, ही थट्टा आहे. पण तुम्हाला सांगते, दहा घरं विकलेल्या बाईचं तोंड आपोआप सुरू होतं! "या ना, या! छप्पर चार वर्षांपूर्वीचं, तळघरात ओल नाही, सकाळचं ऊन इथून येतं…" ओठ चाललेत, पाय चाललेत, कपाटं उघडून दाखवतेय! ट्वायलाबाई कोरीनच्या खोलीत भिंतीवरून हात फिरवत म्हणाली, "किती छान निळा रंग."  तो रंग कोरीनने आणि मी मिळून दिला होता. पहिलीच खोली होती तिची, जिला रंग द्यायचं धाडस आम्ही केलं होतं. मी खाली बसले आणि खरं काय ते सांगून टाकलं. ट्वायलाबाईने माझा हात धरला. आणि ऑर्व्हल? तो टोपी फिरवत म्हणाला, "असं आहे होय. बरं… शनिवारी हरलात तर फोन करा, बाई."

शनिवार! अहो, मी सामना बघत नाही, मी व्हर्लिनची मानगूट बघते, जेवढी आहे तेवढी. ती लाल झाली की बरं चाललंय, पांढरी झाली की गेलं. चौदा-चौदा, सात सेकंद उरलेली, मानगूट पांढरीफटक. आमचा एक किडकिडीत पोरगा पुढे आला, चेंडूला लाथ मारली, चेंडू खांबावर आपटला, वर गेला, विचार केला त्याने, हो, माझ्या डोळ्यांदेखत त्या चेंडूने विचार केला, आणि पलीकडे पडला. आत! तीन गुण, सतरा-चौदा! दातांचा डॉक्टर माझ्या गळ्यात पडून रडला! हॅम्रिकसाहेब म्हणाले, "मी तर पहिल्यापासून म्हणत होतो!" रविवारी सकाळी ऑर्व्हलचा फोन आला. "अभिनंदन," म्हणाला. इतकं दुःखी अभिनंदन मी जन्मात ऐकलं नव्हतं.

मला वाटलं, सुटले. खुळी मी! अहो, हरलं तर काढतात हे मला माहीत होतं. जिंकलं तर उचलतात, हे आमच्या बाबतीत कधी घडलंच नव्हतं, मग कळणार कसं?

त्याच संध्याकाळी, आम्ही तिघं जेवायला बसलेलो, फोन. लुइझियानाहून. मोठं विद्यापीठ, ऐंशी हजार माणसांचं मैदान, टीव्हीवर रोज नाव. व्हर्लिन फोन धरून उभा, कान लालबुंद. "हो सर… हो सर… तासाभरात सांगतो, सर." फोन ठेवला, खिडकीशी गेला, बाहेर बघितलं. मी मनात म्हटलं, आला! आता येणार! आणि आलंच. "हे शेवटचं, लोर्ना…"

कोरीन उठली.  खोलीत गेली, पाकीट घेऊन आली, तो कागदी रुमाल काढला आणि बापाच्या ताटाशेजारी ठेवला. डाग पडलेला, घडीवर फाटलेला. आणि परत बसून बटाटे खायला लागली.

व्हर्लिनने तो रुमाल बघितला. किती वेळ बघत होता, काय सांगू. ज्या फोनची त्या माणसाने बावीस वर्षं वाट बघितली, इडाहोच्या बर्फात, अर्कन्सॉच्या चिखलात, तो फोन आला होता हो! मला वाटलं, मी बोलावं. जा म्हणावं. पण एका बाजूला हा, एका बाजूला ती. तो फोन घेऊन गॅरेजमध्ये गेला. आला तेव्हा जेवण गार झालेलं. खुर्ची ओढली, काटा उचलला. "नाही म्हणून सांगितलं," म्हणाला. "मीठ दे जरा."

कोरीन म्हणाली, "बाबा…" तर हा म्हणतो, "कोपर टेबलावरून काढ."

दुसऱ्या दिवशी चाळीसच्या चाळीस खोकी मी दुकानदाराला परत नेऊन दिली. वाटेत गाडीत गाणं म्हणत होते, मी!

आणि मे महिन्यात काय झालं ऐका. हॅम्रिकसाहेबांनाच टेक्सासहून फोन आला! आणि त्यांनी काही कुणाच्या रुमालावर सही केलेली नव्हती, ते गेले. नवा संचालक आला, सदतीस वर्षांचा, पांढरे शुभ्र दात, त्याने व्हर्लिनला बोलावलं. "कोच, आम्हाला नवी दिशा हवीय." नवी दिशा म्हणजे त्याचा कॉलेजातला मित्र! शनिवारी कोरीनचा बारावीचा समारंभ, काळा झगा, चौकोनी टोपी, नाव पुकारलं तसा व्हर्लिन असा ओरडला की मुख्याध्यापकाच्या हातातले कागद पडले. सगळ्यांना हसत हस्तांदोलन, कोरीनच्या मैत्रिणींचे फोटो काढणं. आणि रविवारी दुपारी मला म्हणतो, "लोर्ना, मला काढलंय. शुक्रवारीच." शुक्रवारी! म्हणजे शनिवारभर ते पोटात ठेवून टाळ्या वाजवत होता हा माणूस.  मी त्याचे बूट काढून ठेवले, तेवढंच.

कोरीन जूनमध्ये उन्हाळी छावणीत कामाला गेली. उरलो आम्ही दोघं. आणि तुम्हाला सांगते, पहिल्यांदाच एकही फोन येईना. एक आठवडा, दोन आठवडे. आणि टीम नसलेला कोच घरात असणं म्हणजे काय, कल्पना आहे तुम्हाला? सकाळी सहाला शिट्टी! "लोर्ना, काल भांडी लावायला अकरा मिनिटं लागली, आज नऊ!" फ्रीजवर मोठा कागद, त्यावर खेळाचे डाव आखतात तशा फुल्या आणि गोल, बाण काढलेले. मी कोणती फुली? मी गोल! चुलीकडून नळाकडे जाताना माझं डावं पाऊल आधी पडतं, त्यात दीड सेकंद वाया जातो म्हणे! शेजारीण साखर मागायला आली, तिला उभं कसं राहायचं ते शिकवलं. पोस्टमनला म्हणाला, "चाल चांगली आहे, खांदे सैल सोड." तो बिचारा आता पत्रं कोपऱ्यावरच्या घरी टाकून पळतो!

चौथ्या आठवड्यात तो अंघोळीला गेला तेव्हा मी फोन उचलला. टॉलिव्हर, अर्कन्सॉत व्हर्लिनबरोबर असलेला जुना कोच, आता उत्तर डकोटात आहे. म्हटलं, "टॉलिव्हर, काहीही दे. कुठेही." तो म्हणाला, "वहिनी, सहाय्यकाच्या हाताखालचा सहाय्यक हवाय, पण इथे हिवाळ्यात उणे तीस असतं, घर मैदानाच्या मागे, आणि जवळचं दुकान चाळीस मैलांवर." म्हटलं, "घरी किती तास असतो माणूस?" म्हणाला, "हंगामात? झोपायला येतो." म्हटलं, "पाच मिनिटांनी फोन कर. आणि मी केला होता म्हणून सांगू नकोस."

पाच मिनिटांनी फोन वाजला. व्हर्लिन बाहेर आला, टॉवेल गुंडाळलेला, चेहरा पडलेला. माझे दोन्ही हात हातात घेतले. "लोर्ना… कसं सांगू तुला. उत्तर डकोटा. तुझ्यावर अन्याय होतोय, कळतंय मला. तू म्हणशील तर नाही म्हणतो."

मी त्याच्या टॉवेलाचं टोक घेतलं, त्यात तोंड खुपसलं आणि खांदे हलवून हलवून रडले. तो पाठीवरून हात फिरवत राहिला, "रडू नकोस गं, रडू नकोस…" आणि मी काय करू हो, हसू थांबेपर्यंत तोंड वर काढता येईना!