कातडीनं फुगा धरला

...आणि वर हे डॉक्टर लोक मलाच विचारतात, "काका, अंगाला काही भलतंसलतं लावलं होतं का?" अहो, मी? भलतंसलतं? तुम्हाला सांगतो, उभा जन्म गेला माझा भिंतींना कागद लावण्यात, वॉलपेपर हो, दिवाणखाने लावले, दवाखाने लावले, एका हौशी माणसाच्या हट्टापायी संडासाच्या छतालासुद्धा लावला, मान वर करून करून चार दिवस मला जमीन दिसली नाही, पण माझा कागद कधी सुटला? नाव नाही! लोकांचे संसार सुटले, घरं विकली गेली, नवे मालक भिंत खरवडून खरवडून रडकुंडीला आले, कागद जागच्या जागी! आणि अशा माणसाची... कातडी सुटावी? दुसऱ्या कुणाची सापडली नाही?

सुरुवात तोंडापासून. तोंड आलं. आता तोंड कुणालाही येतं, येतं आणि जातं, पण माझं आलं ते मुक्कामालाच आलं, माझ्या मेव्हण्यासारखं. मेव्हणा म्हणजे बायकोचा धाकटा भाऊ आणि धंद्यातला माझा भागीदार, मी कागद लावतो, तो पेस्ट कालवतो. त्याच्या घरातला नळ फुटला म्हणून दोन दिवसांसाठी आमच्याकडे आला, नळ दुरुस्त झाला, दुरुस्त झालेला नळ गंजून पुन्हा फुटला, हा अजून आहे! तर तोंडात ही मोठमोठी सालं निघालेली, पाणी प्यायलो तरी डोळ्यांत पाणी. दातांच्या डॉक्टरांनी सांगितलं, दाढ टोचतेय, आणि दाढ घासून दिली. दाढ गुळगुळीत झाली, तोंड तसंच. बायको म्हणाली, "अहो, बोलता किती तुम्ही! त्या तोंडानं तरी किती सोसायचं?" मेव्हणा म्हणाला, "भाऊजी, पोट साफ होतंय का?" या माणसाला प्रत्येक दुखण्याच्या मुळाशी पोट दिसतं. माझा खांदा निखळला होता, तेव्हासुद्धा आधी पोटाचीच चौकशी!

मग एक दिवस आरशासमोर शर्ट काढला, तर छातीवर फुगा. पाण्यानं भरलेला, ढिला, लिबलिबीत. आता तुम्हीच सांगा, जन्मभर कागद लावणाऱ्या माणसानं फुगा बघितला तर तो काय करेल? कागदानं फुगा धरला की आम्ही काय करतो? बारीक सुई टोचायची, हवा काढायची आणि मधून कडेकडे हळूहळू दाबत न्यायचा. बसतो सपाट! हात आपोआप चालतो हो, डोकं मागाहून येतं. मी सुई घेतली, टोचली, आणि अंगठ्यानं दाबत नेला... आणि तो बसायच्या ऐवजी पुढे सरकला! जिकडे दाबीन तिकडे कातडी सुटत गेली, ओल्या कागदासारखी, वरचा पदर घसरला आणि खालून लालभडक! मी ओरडलो. बायको धावत आली. मेव्हणा धावत आला, वाकून नीट बघितलं आणि काय म्हणावं यानं? "भाऊजी, पेस्ट पातळ झाली."

कातडीच्या डॉक्टरीणबाई. वयानं लहान, पण बोलणं असं की समोरच्याला वाटावं आपण उगाच घाबरलो, आणि मग वाटावं, अरे, घाबरायलाच हवं होतं. मी खाली मान घालून सुईची हकीकत सांगितली. मला वाटलं आता हजेरी घेतात. तर बाईंचा चेहरा खुलला! "दाबलात आणि पुढे सरकला? नक्की?" दार उघडून हाक मारली, पाच-सहा शिकाऊ डॉक्टर आत आले, "बघा, फुगा दाबला की पसरतो, ही या आजाराची खूण, पुस्तकात वाचता ना, ती यांनी घरच्या घरी करून बघितली!" सगळे माझ्या छातीकडे अशा कौतुकानं बघायला लागले की मला क्षणभर अभिमानच वाटला. मग त्या माझ्याकडे वळल्या, "काका, पुन्हा केलंत तर याद राखा."

मग समजावून सांगितलं. म्हणाल्या, कातडी म्हणजे पेशींचे थर. एक पेशी दुसऱ्या पेशीला धरून असते, आणि धरायला पेशीच्या अंगातून बाहेर आलेले रेणू असतात, इकडचा तिकडच्याला पकडतो. तुमच्यात जो बिघडला त्याचं नाव डेस्मोग्लीन. नाव ऐकून वाटतं भांडी घासायची पावडर, पण काम बघा! मी विचारलं, मग सगळीच कातडी का नाही गळून पडली? तर म्हणाल्या, सगळ्यांत खालचा थर ज्यानं जमिनीला चिकटलाय तो गोंद वेगळा, तो शाबूत आहे. म्हणजे दोन पदरी कागद असतो बघा, ओढला की वरचा पदर हातात आणि खालचा भिंतीवर, तस्सं! एवढं मला पटकन कळलं. म्हटलं, बाई, मग सोपं आहे की, गोंद कमी पडला, गोंद द्या! गोळी द्या, इंजेक्शन द्या, बादलीभर द्या!

"गोंद कमी नाही, काका. तुमच्याच शरीराचे पहारेकरी त्या गोंदावर तुटून पडलेत."

घ्या! मी पहारेकरी ठेवले चोरासाठी आणि ते दाराच्या बिजागऱ्या उचकटतायत! म्हटलं, पण का? माझा काय गुन्हा? तर म्हणाल्या, ते नक्की सांगता येत नाही. एवढं शिकून तेच सांगता येत नाही! तेवढ्यात बरोबर आलेल्या मेव्हण्यानं तोंड उघडलं, "बाई, हे गोंद कशावर चालतात?" त्या म्हणाल्या, हे कॅडहेरिन घराण्यातले, या घराण्याला पकड धरायला कॅल्शियम लागतं. झालं! संध्याकाळपर्यंत घरात कॅल्शियमच्या गोळ्यांचे सात डबे! बाईंनी फोनवर दहादा सांगितलं, अहो, यांना कॅल्शियम कमी नाही, गोळ्या खाऊन कातडी चिकटत नसते. पण हा ऐकेल तर शपथ.

आणि तुम्हाला सांगतो, पुढच्या खेपेला मी बाईंना म्हटलं, मग सगळ्यांनी एकमेकांना घट्ट धरून ठेवलं की झालं ना? बाई हसल्या. म्हणाल्या, तसंही नाही. रक्तातल्या पांढऱ्या पेशी बघा, रक्तवाहिनीच्या भिंतीला धरत-सोडत घरंगळत जातात, जखम जिथे आहे तिथे घट्ट चिकटतात आणि फटीतून बाहेर पडतात. काही बाळांना जन्मापासून हे चिकटणंच जमत नाही, मग साधं खरचटलेलंही बरं होत नाही. बरं, चिकटणं जास्त झालं? रक्त गोठवणाऱ्या बिंबिका नको तिथे एकमेकींना चिकटल्या, गाठ झाली, हृदयाचा झटका! आणि सुटणं? कॅन्सरची पेशी शेजारणींचा हात सोडते, प्रवासाला निघते आणि भलत्याच गावी जाऊन पुन्हा चिकटून बसते! मी डोक्याला हात लावला. म्हणजे सुटलं तरी पंचाईत, चिकटलं तरी पंचाईत! मी मेव्हण्याकडे बघितलं. तो भिंतीवरचा कागद नखानं खरवडून बघत होता, कुणी लावलाय म्हणून.

मग तुकडा काढला तपासायला. कातडीचा, एवढुसा. त्यावर काहीतरी चमकणारं टाकून सूक्ष्मदर्शकाखाली धरतात, मलाही दाखवलं. काळोख, आणि त्यात हिरवीगार चमकणारी जाळी, प्रत्येक पेशीभोवती रेघ. इतकं सुंदर डिझाइन मी कुठल्या कॅटलॉगात बघितलं नाही! म्हटलं, वा! तर बाई म्हणाल्या, "काका, जिथे जिथे हिरवं दिसतंय, तिथे तिथे हल्ला चाललाय." मग वा घशातच राहिलं. बायकोनं हळूच विचारलं, "बरे होतील ना हे?" बाई म्हणाल्या, आता औषधं आहेत. पूर्वी नव्हती तेव्हा... आणि थांबल्या. त्या थांबल्या ना, तिथे मला सगळं कळलं. भीती वाटली हो. खरंच वाटली. बायकोनं माझा हात धरायला हात पुढे केला, आणि धरता येईना. माझ्या मनगटावर नवा फुगा होता, धरला असता तर कातडी तिच्या हातात आली असती. तिनं खुर्चीचा दांडा धरला. अख्खी बोटं पांढरी होईस्तोवर धरला. मी म्हटलं, अगं, खुर्ची मोडशील. तिनं दुसऱ्या हातानंही धरला.

मग उपचार. उपचार काय, तर पहारेकऱ्यांनाच झोपवायचं! स्टेरॉइड. त्या गोळ्यांनी माझं तोंड फुगून टरबूज झालं. भूक अशी की मऊ भात, केळी, दूध, समोर येईल ते स्वाहा, आणि राग असा की पंख्याशी भांडलो. खरंच, फिरणाऱ्या पंख्याशी! वर बाई काय म्हणतात, "या गोळ्यांनी हाडं ठिसूळ होतात, म्हणून रोज कॅल्शियम घ्या." मेव्हण्याचा चेहरा बघायला हवा होता तुम्ही! खोलीतून डबे आणले, सगळे, टेबलावर ओळीनं मांडले, आणि कमरेवर हात ठेवून नुसता उभा राहिला. असा माणूस घरात चिकटलेला, आणि रोज माझी मलमपट्टी तोच करायचा, कागद भिजवून अलगद काढतात तशी जुनी पट्टी भिजवून काढायचा, एकदाही कातडी ओढली गेली नाही. आता याला सुटा म्हणू की चिकट म्हणू? सुटलं तरी पंचाईत, चिकटलं तरी पंचाईत!

गोळ्यांनी पुरतं भागेना, मग सलाईनमधून मोठं औषध दिलं, पहारेकऱ्यांचे कारखानेच बंद करणारं. आणि हळूहळू... तोंड भरलं. फुगे थांबले. एका सकाळी मी चहा गरम प्यायलो, तुम्हाला सांगतो, गरम, आणि जीभ भाजली आणि मला इतका आनंद झाला! बाईंनी माझ्या पाठीवर अंगठा जोरानं घासून बघितला. कातडी हलली नाही. "बसली, काका," म्हणाल्या. "पेशींनी एकमेकींना धरलंय. फक्त आता पहारेकरी झोपलेत, तेव्हा कसलाही संसर्ग झेपायचा नाही. गर्दी नको, पाहुणे नकोत, कुणी फार जवळ यायचं नाही." म्हटलं, किती दिवस? "दिवस नाही हो, महिने." ऐकलंत? आतली मंडळी एकदाची एकमेकींना धरून बसली, तर बाहेरच्यांनी सुटं व्हायचं!

मेव्हणा त्याच दिवशी बॅग भरून त्याच्या गळक्या नळाकडे गेला. इतकी वर्षं मी ज्या दिवसाची वाट बघितली तो दिवस आला, आणि मी खिडकीत उभा राहून बघत बसलो, वळतो का म्हणून. आता रोज फोन करतो, पोट विचारतो.

आणि बायको? काल संध्याकाळी खोलीच्या त्या टोकाला बसली होती, तोंडाला मास्क. मनगटावर डाग राहिलाय, पण कातडी घट्ट. मी तिथूनच म्हटलं, अगं, ये, आता धरलास तरी काही सुटायचं नाही. उठली हो. डोळे भरलेले. आली, समोर उभी राहिली. मी हात पुढे केला...

तिनं त्यावर सॅनिटायझर ओतलं.