निळी भजी

डीपीचा, म्हणजे शेतातल्या ट्रान्सफॉर्मरचा विषय निघालाच आहे, तर केंदूर गावची गंमत सांगतो. मी वीज कंपनीत नवा इंजिनिअर होतो. ट्रान्सफॉर्मरच्या तेलात दमट हवा जाऊ नये म्हणून बाहेर एक बरणी असते. तिच्यातले निळे खडे ओल शोषून गुलाबी झालेले दिसले, आणि मी तडक डीपी बंद केली. तेलात ओल गेली तर आतली तारांची वाइंडिंग जळेल, असं भाषणही ठोकलं. नवे खडे यायला आठ दिवस लागणार होते.

“तवर माझा कांदा वाळंल की वो, सायेब,” शेतकरी आबा म्हणाले.

आमचे वायरमन रशीदमामा शांतपणे म्हणाले, “आबा, एक जुनी कढई द्या.”

“भजी तळताय व्हय?”

“व्हय. निळी.”

मामांनी चुलीवर खडे हळूहळू परतले. ओल उडाली तसे ते पुन्हा निळेशार झाले. ते बरणीत भरून डीपी चालू केली, आणि तासाभरात आबांची मोटार पाणी उपसू लागली.

आबांनी कढई परत घेतली नाही. “हिच्यातलं आता कोण खाईल? हापिसात ठिवा.”

ठेवली. आता नवा इंजिनिअर आला की मी त्याला ट्रान्सफॉर्मरच्या आधी ती कढई दाखवतो, मग रशीदमामांची ओळख करून देतो.